वाचकांचे प्रश्न : नायजेरियन साहित्य वाचताना

या वेळच्या टपालात नायजेरियन साहित्याचा अभ्यास करणाऱ्यांचे बरेच प्रश्न आले. मिळतेजुळते प्रश्न एकत्र करून उत्तरं दिली आहेत.

प्रश्न : चिनुआ अचेबे यांच्या ‘थिंग्ज फॉल अपार्ट’वर एम.ए.ची प्रबंधिका लिहायची आहे. जे वाचायला मिळतं त्यात ‘दोन संस्कृतींचा संघर्ष’ एवढंच आहे. वेगळं काही लिहायचं तर सुरुवात कुठून करू?

आधी प्रकरणं मोजा. १९५८ साली आलेल्या या कादंबरीत २५ प्रकरणं आहेत. पहिल्या भागात १३, उरलेल्या दोन भागांत प्रत्येकी ६. पहिल्या भागात गोरा माणूस फक्त ऐकीव गप्पांत येतो. मिशनरी पोहोचतात ते दुसऱ्या भागात. म्हणजे निम्म्याहून जास्त पुस्तकात या ‘संघर्षा’तला एक पक्ष हजरच नाही. तोवर उमुओफिया या इग्बो वस्तीतली माणसं आपापसांत बोलतात, भांडतात, देणीघेणी आणि न्यायनिवाडे करतात. हे बोलणं कसं चालतं, हाच तुमचा विषय होऊ शकतो.

त्यासाठी म्हणींची एक वही करा. प्रत्येक म्हणीपुढे चार गोष्टी लिहायच्या : कोण बोललं, कोणाला, त्याआधी काय घडलं आणि म्हण उच्चारल्यावर काय बदललं. शेवटची नोंद सर्वांत महत्त्वाची, आणि बहुतेक प्रबंधिकांत तीच नसते. तिथे म्हणींची यादी असते आणि पुढे अर्थ. त्यातून समीक्षा होत नाही.

पहिल्याच प्रकरणात ओकोये हा शेजारी उनोकाकडे, म्हणजे नायक ओकोंक्वोच्या बापाकडे, २०० कवड्यांचं येणं मागायला येतो. इतका वेळ सरळ बोलणारा ओकोये मुद्द्यावर येताना पाच-सहा वाक्यं म्हणींत बोलतो. त्या म्हणी मात्र निवेदक देत नाही. म्हणी म्हणजे शब्द ज्याच्यासोबत खायचे ते पामतेल, एवढं सांगून तो पुढे जातो. छापली जाते ती कर्जदाराची म्हण. भिंतीवर खडूच्या रेघांनी मांडलेली आपली मोठी कर्जं उनोका दाखवतो आणि म्हणतो, ऊन आधी उभ्या असलेल्यांवर पडतं, त्यांच्यापुढे गुडघे टेकलेल्यांवर नंतर. ओकोये रिकाम्या हाताने परततो. बोलण्यात हुशार असलेला हा बाप ओकोंक्वोला नकोसा आहे, आणि ओकोंक्वो स्वतः बोलण्यात कच्चा आहे. कादंबरीची शोकांतिका इथून वाचता येते.

मग चौथं प्रकरण घ्या. भाऊबंदांच्या बैठकीत ओकोंक्वो समाजातली मानाची पदवी न मिळवलेल्या एका माणसाला ‘ही पुरुषांची बैठक आहे’ असं म्हणून अपमानित करतो. सर्वांत वयस्क माणूस त्याला सुनावतो : ज्यांच्या पामबिया एखाद्या दयाळू देवाने फोडून दिल्या, त्यांनी नम्रता विसरू नये. ओकोंक्वो माफी मागतो. म्हणीने काम केलं. पण पुढच्याच वाक्यात निवेदक म्हणतो की हे खरं नव्हतं, ओकोंक्वोने आपल्या बिया स्वतःच फोडल्या होत्या. लगेच तो दुसरी म्हण आणतो : माणूस हो म्हणाला की त्याचा ‘ची’ही हो म्हणतो. ‘ची’ म्हणजे प्रत्येकाचा स्वतःचा देव. नुसतं ‘नशीब’ म्हटलं की अर्थ निसटतो. दहा प्रकरणांनंतर, चौदाव्यात, ओकोंक्वो हद्दपार होऊन आजोळी गेलेला असताना हीच म्हण खोटी ठरवली जाते. हा माणूस हो म्हणत होता आणि त्याचा ‘ची’ नाही म्हणत होता. एकच म्हण दोनदा, दुसऱ्यांदा उलटी. तुमच्या वहीत अशा जोड्या सापडू लागल्या की प्रबंधिकेचा कणा तयार झाला समजा.

एक धोका. कादंबरीकडे इग्बो या आग्नेय नायजेरियातल्या समाजाच्या चालीरीतींची नोंदवही म्हणून पाहू नका. शेवटच्या परिच्छेदात ब्रिटिश जिल्हा आयुक्त ओकोंक्वोवर आपल्या पुस्तकात एक प्रकरण लिहावं म्हणतो आणि मग त्याला वाटतं, प्रकरण नाही तरी एक बऱ्यापैकी परिच्छेद पुरेल. नोंदवही म्हणून वाचणारा अभ्यासक त्याच आयुक्ताच्या खुर्चीत बसतो.

‘संस्कृतिसंघर्ष’ या शिक्क्याला खुद्द नायजेरियातूनच आक्षेप आला आहे. वोले सोयिंका यांनी ‘डेथ अँड द किंग्ज हॉर्समन’ (१९७५) या नाटकाच्या टिपणात दिग्दर्शकांना आणि समीक्षकांना बजावलं की यातला वसाहतवादी घटक निमित्तमात्र आहे, खरा सामना योरुबा या नैऋत्य नायजेरियातल्या समाजाच्या विश्वदृष्टीच्या आतला आहे. ते टिपण वगळून नाटकावर लिहू नका. टिपण मान्यच करा असंही नाही. लेखकाचा दावा संहितेशी ताडून पाहणं हे समीक्षकाचं काम आहे.

प्रश्न : योरुबा किंवा इग्बो न शिकता या साहित्याची समीक्षा करणं प्रामाणिक ठरेल का? किती भाषा यायला हवी?

इंग्रजीत लिहिलेल्या पुस्तकांवर लिहिताना भाषा अस्खलित यायला हवी असं नाही. पण तिची रचना आणि सूर यांची माहिती नसेल तर चुका होणारच.

या भाषांत अक्षर कोणत्या पट्टीत उच्चारलं यावर शब्दाचा अर्थ ठरतो, त्या पट्टीला सूर म्हणतात. योरुबात तीन सूर आहेत : उच्च, मध्यम, नीच. उच्च आणि नीच सुरांना अक्षरावर चिन्ह येतं, मध्यम सहसा मोकळा राहतो. इग्बोत उच्च आणि नीच असे दोन, शिवाय उच्च सूर एक पायरी खाली उतरण्याचा प्रकार. ‘अक्वा’ हा एकच अक्षरसमूह सुरांप्रमाणे रडणं, कापड, अंडं किंवा पलंग होतो. उत्तर नायजेरियातल्या हौसा भाषेत सुरांच्या जोडीला स्वरांचं ऱ्हस्व-दीर्घही अर्थ बदलतं, आणि रोमन लिपीतल्या रोजच्या छपाईत यातलं काहीच दाखवत नाहीत. इग्बोत अक्षरांखालचे टिंबही महत्त्वाचे. १९६१ पासून रूढ झालेल्या ओन्वु लेखनपद्धतीत ते वेगळे स्वर दाखवतात.

तेव्हा शब्द उतरवताना टिंब आणि सुरांची चिन्हं मूळ पानावर आहेत तशीच घ्या. पानावर नसतील तर स्वतःच्या मनाने घालू नका. ती शब्दकोशातून घेतली असतील तर तसं नमूद करा. योरुबासाठी आर. सी. एब्रहॅम यांचा १९५८ चा कोश, इग्बोसाठी के विल्यमसन यांचा १९७२ चा, हौसासाठी बार्गरी यांचा १९३४ चा. विल्यमसन यांचा कोश ओनित्शा बोलीवर आधारलेला आहे. एखादा शब्द त्यात नाही म्हणून तो लेखकाने बनवला असा निष्कर्ष काढू नका, तो दुसऱ्या बोलीतला असू शकतो.

संगणकावर शोधताना आणखी एक घोटाळा होतो. टिंब किंवा सूरचिन्ह असलेलं अक्षर कधी एकसंध, तर कधी मूळ अक्षर आणि सुटी चिन्हं अशा रूपात साठवलेलं असतं. दिसायला सारखंच, पण शोधयंत्राला वेगळं. म्हणून प्रत्येक शब्द सर्व चिन्हांसह, फक्त टिंबासह आणि चिन्हांशिवाय असा तीनदा शोधा.

रचनेचं उदाहरण म्हणजे गॅब्रिएल ओकारा यांची ‘द व्हॉइस’ ही कादंबरी (१९६४). ओकारा यांनी नायजेरियातल्या इजॉ भाषेची वाक्यरचना इंग्रजीत आणली, त्यामुळे वाक्याच्या शेवटी क्रियापद किंवा नकार येतो. मराठी वाचकाने इथे जास्त सावध राहावं. क्रियापद शेवटी येणं आपल्याला इतकं स्वाभाविक वाटतं की त्या इंग्रजीचा मुद्दाम ठेवलेला खडबडीतपणा लक्षातच येत नाही.

प्रश्न : आफ्रिकन लेखकांनी इंग्रजीत लिहावं की मातृभाषेत, या वादात नायजेरियाची बाजू नेमकी कोणती?

बाजू एक नाहीच. जून १९६२ मध्ये युगांडातल्या कंपालाच्या मकेरेरे विद्यापीठ-महाविद्यालयात इंग्रजीत लिहिणाऱ्या आफ्रिकन लेखकांची परिषद भरली. त्यावर ‘ट्रान्झिशन’ या नियतकालिकात १९६३ साली टीका केली ती ओबी वाली या नायजेरियन समीक्षकाने : युरोपीय भाषांतलं आफ्रिकन साहित्य पुढे वाट नसलेल्या ठिकाणी जाऊन थांबणार. हा वाद फक्त केनियाचे लेखक न्गुगी वा थिओंगो यांच्या नावावर टाकणं ही नेहमीची चूक आहे. न्गुगी यांचं ‘डिकॉलनायझिंग द माइंड’ १९८६ चं.

अचेबे यांनी १९६५ मध्ये छापलेल्या निबंधात दिलेलं उत्तर वाचाच, कारण त्यात एक प्रयोग आहे. त्यांच्या ‘अॅरो ऑफ गॉड’ या कादंबरीत मुख्य पुजारी एझेउलू आपल्या मुलाला मिशनऱ्यांकडे पाठवताना म्हणतो की माझ्या मुलांपैकी एकाने त्या लोकांत जाऊन तिथे माझे डोळे व्हावं. हाच मजकूर अचेबे सफाईदार इंग्रजीत पुन्हा लिहितात : मी तुला माझा प्रतिनिधी म्हणून पाठवत आहे. आशय तोच, पण एझेउलू नाहीसा होतो. तुम्ही निवडलेल्या उताऱ्यावरही हा प्रयोग करा. सपाट रूप लिहा, दोन्ही शेजारी ठेवा आणि काय गेलं त्याची यादी करा. ‘भाषेला स्थानिक रंग आहे’ या वाक्यापेक्षा ती यादी कितीतरी जास्त सांगते.

आणि या वादाच्या कितीतरी आधीपासून नायजेरियाच्या भाषांत लेखन चालू होतं, हे आवर्जून लिहा. उत्तर नायजेरियातल्या सोकोटोच्या नाना अस्माउ (१७९३–१८६४) फुलफुल्दे, हौसा आणि अरबीत काव्य करत होत्या. पिटा न्वाना यांची ‘ओमेनुको’ ही इग्बो कादंबरी १९३३ ची, डी. ओ. फागुन्वा यांची पहिली योरुबा कादंबरी १९३८ ची. ‘इंग्रजी की मातृभाषा’ असा प्रश्न मांडताना ही पुस्तकं वाचलीच जात नाहीत, हे दोन्ही बाजूंच्या लेखनातलं खरं वैगुण्य आहे.

तारखांचा एक सापळा. चिन्वेइझू, जेमी आणि माडुबुइके या नायजेरियन समीक्षकांनी सोयिंका आदी कवींवर दुर्बोधतेचा आणि युरोपीय अनुकरणाचा ठपका ठेवणारं पुस्तक १९८० साली काढलं. सोयिंका यांचं ‘निओ-टार्झनिझम’ हे उत्तर मात्र १९७५ चं. या त्रयीचा युक्तिवाद आधी नियतकालिकांत आला होता आणि उत्तर त्याला होतं. ‘पुस्तकाला सोयिंका यांनी उत्तर दिलं’ असं लिहिलंत तर परीक्षक तिथेच पेन्सिल टेकवेल.

प्रश्न : केन सारो-विवा यांच्या ‘सोझाबॉय’ची भाषा म्हणजे नायजेरियन पिजिन का?

नाही. १९८५ च्या या कादंबरीच्या उपशीर्षकातच लेखक तिला ‘रॉटन इंग्लिश’ म्हणतो. नायजेरियन पिजिन, मोडकं इंग्रजी आणि मधूनच चमकणारं चांगलं, वाक्प्रचारयुक्त इंग्रजी यांचं ते मिश्रण असल्याचं प्रास्ताविकात स्पष्ट म्हटलं आहे. पिजिन म्हणजे वेगवेगळ्या भाषकांच्या संपर्कातून घडलेली मिश्र बोली, पण तिला स्वतःचं व्याकरण आहे : चालू क्रियेसाठी क्रियापदाआधी ‘डे’, पूर्ण झालेल्या क्रियेसाठी ‘डॉन’, भविष्यासाठी ‘गो’, ठसवून सांगायला ‘ना’, तुम्ही सर्वजण या अर्थी ‘उना’. एक पान घ्या, या खुणा एका रंगाने आणि प्रमाण इंग्रजीची वाक्यं दुसऱ्या रंगाने रंगवा. जे उरेल ते या निवेदकाचं, म्हणजे डुकानाच्या मेनेचं स्वतःचं. प्रसंग बदलला की रंगांचं प्रमाण कसं बदलतं ते पाहा. युद्ध, वरिष्ठांचे हुकूम आणि गावातल्या गप्पा यांची पानं निवडा. पिजिनला ‘अशुद्ध इंग्रजी’ म्हणू नका.

सारो-विवा यांना १० नोव्हेंबर १९९५ रोजी फाशी दिली गेली. ते दुःख मोठं आहे, पण १९६७–७० च्या यादवी युद्धावरची ही कादंबरी त्याच्या दहा वर्षं आधीची आहे. त्या मृत्यूची पूर्वसूचना तिच्यात शोधत बसलात तर मेनेचा आवाज ऐकू येणार नाही.

प्रश्न : स्त्री-लेखिकांचा अभ्यास एकमेकींशी जोडून कसा करावा?

पुस्तकं एकमेकांना कुठे उत्तर देतात ते पाहून. फ्लोरा न्वापा यांची ‘एफुरू’ ही कादंबरी (१९६६) ज्या शेवटाशी थांबते त्यात मातृत्वाचा आनंद न मिळालेल्या देवतेविषयीचा प्रश्न आहे. बुची एमेचेटा यांनी १९७९ च्या कादंबरीला नाव दिलं ‘द जॉइज ऑफ मदरहुड’, आणि तिची नायिका न्नू एगो पुष्कळ मुलं असूनही एकटी मरते. हे दोन शेवट एकत्र वाचा. सिद्धांतही पाश्चात्य स्त्रीवादातूनच घ्यायला हवा असं नाही. चिक्वेन्ये ओगुन्येमी यांनी १९८५ साली मांडलेला ‘वुमनिझम’ (कृष्णवर्णीय स्त्रियांच्या अनुभवावर उभा विचार) आणि मोलारा ओगुंडिपे यांचा ‘स्टिवानिझम’ (आफ्रिकेतल्या सामाजिक परिवर्तनात स्त्रियांना सामावून घेण्याचा आग्रह) इथल्याच अनुभवातून आले आहेत.

प्रश्न : ‘इबो’ लिहू की ‘इग्बो’? आणि कोणती आवृत्ती प्रमाण मानू?

स्वतःच्या मजकुरात ‘इग्बो’. अवतरणात मूळ पानावर ‘इबो’ हे जुनं रूप असेल तर तसंच ठेवा. आवृत्तीबाबत ‘अॅरो ऑफ गॉड’ सांभाळा. ती १९६४ ची, पण अचेबे यांनी १९७४ साली बदल करून दुसरी आवृत्ती काढली आणि नंतरची बहुतेक पुनर्मुद्रणं तिच्यावरून आहेत. जुन्या समीक्षेतला पृष्ठक्रमांक किंवा वाक्य तुमच्या प्रतीशी जुळलं नाही तर समीक्षकाला दोष देण्याआधी त्याने कोणती आवृत्ती वापरली ते तपासा. संदर्भ देताना पानासोबत प्रकरणाचा क्रमांकही द्या, म्हणजे हाती कोणतीही प्रत असली तरी वाचकाला तो उतारा सापडेल.