गुपित तिचे, मत तुमचे

ताई,

लैंगिक कल किंवा लिंगओळख पाहून कोणालाही घर विकण्यास अथवा भाड्याने देण्यास हरकत घेता येणार नाही, असे कलम तुमच्या सोसायटीच्या उपविधींत घालण्याचा ठराव येत्या सर्वसाधारण सभेपुढे आहे. तुमची मुलगी समलिंगी आहे आणि हे घरात फक्त तुम्हाला ठाऊक आहे. बोललात तर लोकांची नजर तिच्याकडे वळेल आणि गप्प राहिलात तर तिला एकटे पाडल्यासारखे होईल, या पेचात तुम्ही आहात.

सभेआधी तिच्याशी बोला. परवानगी मागण्यासाठी नव्हे, कारण मत तुमचे आहे. पण तिची ओळख कोणाला, कधी सांगायची हे तिनेच ठरवायचे असते, आणि तिच्याबद्दल एक अक्षरही सभेत निघणार नाही, हा शब्द तिला तुमच्या तोंडून मिळायला हवा. तुम्ही सभासद म्हणून उभ्या राहा. 'तुम्हाला एवढा कळवळा का?' असे कोणी विचारलेच, तर शेजारी कोण राहतो यापेक्षा तो कसा वागतो हे मला महत्त्वाचे वाटते, एवढे उत्तर पुरे.

'समलिंगी संबंध आता गुन्हा राहिलेले नाहीत, मग वेगळे कलम कशाला?' असे शेजारी म्हणतात, हे तुम्ही लिहिले आहे. या प्रश्नाला मात्र नीट उत्तर द्या. सर्वोच्च न्यायालयाने ६ सप्टेंबर २०१८ रोजी प्रौढांच्या संमतीच्या संबंधांना भारतीय दंड संहितेच्या कलम ३७७ मधून वगळले, त्यामुळे तुरुंगाची भीती गेली. घर नाकारणाऱ्याला त्या निकालाने अडवलेले नाही. पारलिंगी व्यक्तींना घर विकत किंवा भाड्याने घेताना भेदभावापासून २०१९ च्या कायद्याने संरक्षण दिले आहे, पण समलिंगी स्त्री-पुरुषांसाठी तसा कायदा नाही, आणि राज्यघटनेच्या कलम १५ मधील भेदभावाची मनाई प्रामुख्याने सरकारला बांधते, घरमालकाला नाही. ही उणीव तुमच्या इमारतीपुरती भरून काढणे सभासदांच्या हाती आहे, आणि मला ते अत्यंत आवश्यक वाटते, कारण दोन मुली एकत्र राहतात एवढ्या कारणावरून ज्यांना घर सोडावे लागते, त्यांना दाद मागायला आज फारशी जागाच नाही.

ठराव संमत झाला, तरी सहकारी संस्थांच्या निबंधकांकडे नोंद होईपर्यंत दुरुस्ती लागू होत नाही, म्हणून समितीकडे पाठपुरावा करा.

निकाल काहीही लागो, तो मुलीला शेजाऱ्यांकडून कळू देऊ नका; सभा संपताच तुम्हीच तिला सांगा.