फुकटची इंटर्नशिप: वाचकांच्या प्रश्नांना उत्तरे

कामगार कायद्याची वकील म्हणून एकाच गोंधळाची पत्रं सतत येतात. त्यातली काही इथे घेते.

प्र. इंटर्नशिप देण्यासाठी कंपनी पंधरा हजार 'ट्रेनिंग फी' मागते. भरू का?
उ. नाही.

प्र. मूळ मार्कशीट जमा करायला सांगितलंय.
उ. झेरॉक्स द्या. मूळ कागद दाखवायचा आणि परत पिशवीत टाकायचा.

प्र. बाणेरला सात महिने इंटर्न आहे. दहा ते सात, शनिवारीसुद्धा. ग्राहकांचे फोन, ऑर्डरी सगळं मीच बघते. 'स्टायपेंड पुढच्या महिन्यापासून' हेच ऐकतेय. मैत्रीण म्हणते, इंटर्नला काही हक्कच नसतो.
उ. असल्या ऐकीव सल्ल्यांनी मुलांचं फार नुकसान केलंय. बिनपगारी इंटर्नशिपवर सरसकट बंदी घालणारा कायदा आपल्याकडे नाही, हे खरं. पण लेटरवर काय छापलंय यापेक्षा प्रत्यक्षात काम काय करून घेतलं, हे महत्त्वाचं. तुम्ही उद्या गेलात आणि त्या जागी पगारी माणूस नेमावा लागला, तर ती नोकरीच होती असा दावा मांडता येतो. वेतन संहिता, 2019 ही 21 नोव्हेंबर 2025 पासून लागू आहे; थकलेल्या वेतनासाठी तीन वर्षांच्या आत अर्ज करता येतो. आणि शिकाऊ उमेदवार म्हणून घेतलं असेल, तर 1961 च्या शिकाऊ उमेदवार (अप्रेंटिस) कायद्याप्रमाणे करार नोंदवून स्टायपेंड द्यावाच लागतो.

मला काळजी आहे ती उशिराची. मुलं येतात तेव्हा ऑफिसचा मेल बंद झालेला असतो, व्हॉट्सॲप ग्रुपमधून काढलेलं असतं, दाखवायला एखादा सेल्फी. ऑफर लेटर, हजेरी, काम सोपवल्याचे मेसेज आजच तारखेसकट जपून ठेवा. ग्राहकांच्या माहितीला मात्र हात लावू नका. पुण्यात घर असलेला मुलगा सहा महिने फुकट राबू शकतो. परभणीहून येऊन सदाशिव पेठेत कॉट बेसिसवर राहणारी, महिन्याला मेसचे पैसे भरणारी मुलगी ते कुठून करणार? अनुभव नाही म्हणून नोकरीतही तिलाच आधी वगळतात. याची मला चीड आहे.

कागद घेऊन या आठवड्यातच वकिलाला किंवा कामगार आयुक्तालयात भेटा. फी परवडत नसेल तर शिवाजीनगर न्यायालयात जिल्हा विधी सेवा प्राधिकरण आहे. महिलांना तिथे उत्पन्नाची अट न लावता मोफत मदत मिळते.

प्र. वरिष्ठ अश्लील मेसेज पाठवतात. पगार नाही म्हणून तक्रार चालणार नाही, असं एचआर म्हणतं.
उ. चालते. कामाच्या ठिकाणच्या लैंगिक छळाविरुद्धच्या 2013 च्या कायद्यात बिनपगारी काम करणारे आणि प्रशिक्षणार्थीही येतात. तीन महिन्यांच्या आत कंपनीतल्या अंतर्गत समितीकडे लेखी तक्रार द्या. दहापेक्षा कमी कर्मचारी असतील तर जिल्ह्याच्या स्थानिक समितीकडे. मसुदा आधी वकिलाला दाखवा.

प्र. कॉलेजात फुकटच्या इंटर्नशिपविरुद्ध मोहीम सुरू केलीय. कंपन्यांची नावं इन्स्टाग्रामवर टाकू का?
उ. मोहीम जरूर चालवा. नावं मात्र वकिलाला विचारल्याशिवाय टाकू नका. भारतीय न्याय संहितेच्या कलम 356 खाली अब्रुनुकसानीची तक्रार होऊ शकते. आधी प्लेसमेंट सेलला धरा. स्टायपेंड, कामाचे तास आणि शिकवणार कोण, हे न लिहिलेली जाहिरात नोटीस बोर्डावर लागता कामा नये. मुख्यमंत्री युवा कार्य प्रशिक्षण योजनेत सरकार बारावी झालेल्याला महिना 6,000, आयटीआय किंवा पदविकावाल्याला 8,000 आणि पदवीधराला 10,000 रुपये विद्यावेतन देतं. हे आकडे निवेदनात घाला. निवेदन प्राचार्यांच्या नावे द्या आणि पोच घेतल्याशिवाय ऑफिसमधून हलू नका.