आखूड वेव्ही केस सकाळी बसतात, दुपारी पिंजारतात. स्मूदनिंग करून घेऊ का?

तुम्ही लिहिलंय की वय बावीस, केस आखूड आणि हलके लाटदार, शिक्षणासाठी छत्रपती संभाजीनगरला रूम करून राहता, अंघोळ बोअरच्या पाण्याने. सकाळी विंचरून निघालात की कॉलेजात पोचेपर्यंत केस पिंजारतात. पुढच्या महिन्यात भावाचं लग्न आहे, म्हणून स्मूदनिंग, म्हणजे सलूनमध्ये रसायन लावून केस सरळ, करून मोकळं व्हावं का, असा प्रश्न आहे. माझं परभणीत सलून आहे, वडिलांच्या हाताखाली शिकलो, आणि हीच तक्रार घेऊन खुर्चीत बसणारी पोरं रोज येतात. म्हणून जरा सविस्तर लिहितो.

स्मूदनिंग करू नका. आखूड केसांवर तर नाहीच. डोक्याचा केस महिन्याला साधारण एक ते सव्वा सेंटिमीटर वाढतो. तुमचे वरचे केस सहा-सात सेंटिमीटर धरले, तर तीन महिन्यांत मुळाकडचा अर्धा केस पुन्हा लाटदार अन् टोकाकडचा अर्धा सपाट. असं डोकं कुठल्याच कटमध्ये बसत नाही. मुलींच्या पाठीवर रुळणाऱ्या केसांत हे खपून जातं, तुमच्यात पहिल्या नजरेत दिसेल.

दुसरं म्हणजे त्यातली रसायनं. केसाचा मूळ आकार त्यातल्या गंधकाच्या बंधांवर ठरतो. रिबॉन्डिंग हाही केस सरळ करायचाच प्रकार, त्यात हे बंध तोडून परत जोडतात, आणि तसा केस आधीसारखा मजबूत राहत नाही. केराटिन या नावाने चालणाऱ्या बऱ्याच ट्रीटमेंटमध्ये गरम इस्त्री फिरली की फॉर्मल्डिहाइड सुटतो. जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संशोधन संस्थेने तो माणसाला कर्करोग करणाऱ्या पदार्थांच्या पहिल्या गटात ठेवलेला आहे. मग ‘फॉर्मल्डिहाइड नाही’ म्हणून ग्लायऑक्सिलिक आम्लाची क्रीम आली, तर तसली क्रीम लावल्यावर किडनीला इजा झालेली रुग्ण फ्रान्समधल्या डॉक्टरांनी २०२४ साली नोंदवली. या कामाचे पैसे कटिंगच्या कितीतरी पट मिळतात, हे मला माहीत आहे. तरी मी ते माझ्या दुकानात ठेवलेलं नाही.

आता मुद्द्याचं. तुमचे केस खराब झालेले नाहीत. वेव्ही केसांना तुम्ही सरळ केसांसारखं वागवताय, एवढंच बिघडलंय. सरळ केस असलेला माणूस टॉवेलने खसाखसा पुसतो, कंगवा फिरवतो, निघतो. त्याचं भागतं. लाटदार केसाचं तसं भागत नाही. टाळूतून येणारं तेल सरळ केसावरून टोकापर्यंत उतरतं, वळणावळणाच्या केसावरून सहज उतरत नाही. म्हणून मुळाशी चिकट अन् टोकाला कोरडं, असं एकाच केसाचं दोन तऱ्हेचं वागणं असतं.

याहून महत्त्वाची गोष्ट केस वाळताना घडते. गंधकाच्या बंधांशिवाय केसात हायड्रोजनचे कच्चे बंध असतात. पाणी लागलं की ते सुटतात, आणि केस वाळताना ज्या आकारात असेल त्याच आकारात परत जुळतात. आज रात्रीच करून बघा. ओल्या केसांतली एक बट बोटाभोवती हलकेच गुंडाळून सोडून द्या, हात लावू नका. शेजारची बट टॉवेलने चोळून पुसा. तासाभराने आरशात दोन्ही बघा. पहिली एकसंध वळलेली असेल, दुसरीचे केस सुटे सुटे होऊन चहूकडे उभे राहिलेले असतील. दुपारी तुमचं डोकं जे दिसतं, ते त्या दुसऱ्या बटीचं. पुन्हा पाणी लागेपर्यंत तो आकार बदलत नाही, कितीही विंचरा. उलट कोरड्या केसात कंगवा घातला की जुळलेल्या बटा फुटतात. खिशातला कंगवा रूमवर ठेवून जा. कॉलेजात त्याचं काही काम नाही.

म्हणजे खरी मेहनत अंघोळीनंतरच्या अर्ध्या तासात आहे. जाड टॉवेल बाजूला ठेवा. आजोबांच्या धोतराचं मऊ झालेलं जुनं फडकं घरी असेल तर घेऊन या, नाहीतर जुना सुती टी-शर्ट चालेल. त्याने चोळायचं नाही, फक्त दाबून पाणी टिपायचं. मग डोकं पुढे झुकवून केस मुठीत धरायचे आणि टोकाकडून मुळाकडे हलकेच दाबायचे. भांग पाडायचा असेल तर याच वेळी बोटांनी पाडा. त्यानंतर वाळेपर्यंत हात लावायचा नाही. घाई असेल तर ड्रायर कमी गरमीवर, लांबून.

आता पाण्याबद्दल, कारण आपल्याकडे निम्मा घोळ तिथेच आहे. मराठवाड्याच्या पोटात बहुतेक ठिकाणी काळा बसाल्ट खडक, आणि त्यातून येणारं बोअरचं पाणी बऱ्याचदा जड असतं, कॅल्शियम-मॅग्नेशियमच्या क्षारांचं. तुमच्या इमारतीतला गिझर उघडतील तेव्हा कॉइलकडे नीट बघा, तिच्यावर पांढरा खरखरीत थर दिसेल. नळाच्या तोटीवर असतो तोच. तसलाच बारीक थर केसावर बसतो आणि केस राठ लागायला लागतो. अशा पाण्यात अंगाचा साबण डोक्याला लावणं तर सगळ्यात वाईट. साबण अन् हे क्षार मिळून न विरघळणारा मळ तयार होतो आणि तो केसातच राहतो. शाम्पूचं तसं होत नाही.

यावर महागडा फिल्टर बसवायची गरज नाही. ज्या दिवशी नळ येतो त्या दिवशी डोकं धुवा. नळाला येणारं जायकवाडी धरणाचं पाणी बोअरपेक्षा पुष्कळ बरं. बोअरनेच धुवावं लागलं तर शेवटचे दोन तांबे पिण्याच्या आरओ फिल्टरच्या पाण्याचे घ्या. फिल्टरमधून वाया जाणारं पाणी मात्र डोक्यावर घेऊ नका. पाणी वाचवायच्या चांगल्या हेतूने पोरं ते वापरतात, पण गाळून काढलेले सगळे क्षार त्याच पाण्यात गेलेले असतात. ते फरशीला ठेवा. आठवड्यातून एकदा तांब्याभर पाण्यात चमचाभर व्हिनेगर घालून केसावरून सोडलं अन् नंतर साध्या पाण्याने धुतलं की बसलेला थर बराच सुटतो. लिंबू थेट डोक्यावर चोळून उन्हात जाऊ नका, कातडी भाजते.

रोज शाम्पू नको. आठवड्यातून दोनदा, फार तर तीनदा. २०१६ साली लातूरला मिरजेहून रेल्वेने पाणी आणावं लागलं होतं. अशा मुलखात मी कुणाला रोज डोकं धुवा म्हणून सांगणार नाही, आणि वेव्ही केसांना ते मानवतही नाही. अधल्यामधल्या दिवशी नुसतं ओलं करून पुन्हा मुठीत दाबलं तरी आकार परत येतो. शाम्पू टाळूला, कंडिशनर टोकांना. पुरुषांनी कंडिशनर कशाला, असं विचारणारे अजून भेटतात. धुतलेल्या केसावर ऋण भार असतो, कंडिशनरमधले घटक धन भाराचे असतात, ते केसाला चिकटून त्याचा पृष्ठभाग गुळगुळीत करतात. यात बाई-पुरुष काही नाही. दोन मिनिटं ठेवा, तेवढ्यात रुंद दातांचा कंगवा फिरवून गुंता काढा. कंगव्याची वेळ ती एकच.

व्हिडिओत दाखवतात तो समुद्री मिठाचा स्प्रे घेऊ नका. तो केस कोरडा करून फुगवतो, आणि आपल्या पाण्याने अन् हवेने ते काम आधीच केलेलं असतं. एप्रिल-मेमध्ये आपल्याकडे पारा चव्वेचाळीसच्या घरात जातो आणि हवा पार सुकी. मुंबईतल्या दमट हवेत राहणारा जे सांगतो ते त्याच्या जागी बरोबर असेल, परभणी-नांदेडला लागू पडेलच असं नाही.

त्यापेक्षा जवस आणा. आपल्या घरात चटणीसाठी असतं तेच, पण न भाजलेलं. दोन मोठे चमचे जवस दोन कप पाण्यात मंद आचेवर ठेवा आणि ढवळत राहा. सात-आठ मिनिटांत पाणी दाटायला लागतं. चमचा उचलल्यावर थेंब तुटायच्या ऐवजी तार धरून खाली उतरला की लगेच गॅस बंद. गरम असतानाच पातळ सुती कपड्यातून गाळा. थंड झाल्यावर ते इतकं घट्ट होतं की जवस त्यातून सुटत नाही. हेच तुमचं जेल. फ्रिजमध्ये आठवडाभर राहतं. रूमवर फ्रिज नसेल तर थोडंच करा अन् दोन दिवसांत संपवा, वास आला की फेकून द्या. रुपयाच्या नाण्याएवढं तळहातावर पसरून ओल्या केसांना लावायचं आणि मघाशी सांगितलं तसं मुठीत दाबायचं. वाळल्यावर केस थोडे कडक लागतील, घाबरू नका. पूर्ण वाळल्यावर पुन्हा एकदा मुठीत दाबलं की कडकपणा मोडतो, लाट तशीच राहते. विकतचं जेल असेल तर तेही याच पद्धतीने, ओल्या केसांवर. कोरड्या केसांवर थापलं की चिपकून बसतं आणि संध्याकाळी भुसा पडल्यासारखं पांढरं पडतं.

तेलाचं विचाराल तर खोबरेल, आणि तेही धुण्याच्या आदल्या रात्री किंवा तासभर आधी, थोडंसं. २००३ साली रेळे आणि मोहिले या संशोधकांनी खोबरेल, सूर्यफूल आणि खनिज तेल तपासलं होतं. धुताना केसातलं प्रथिन वाहून जाणं तिघांत फक्त खोबरेलाने कमी झालं, कारण त्यातलं लॉरिक आम्ल केसाच्या आत शिरतं. हे काम खोबरेल विकणाऱ्या कंपनीत झालेलं होतं, हेही सांगितलं पाहिजे. पण माझ्या खुर्चीतला अनुभव त्याच बाजूचा आहे. तेल लावून दिवसभर धुळीत फिरणं मात्र बंद करा.

डोक्यात कोंडा अन् खाज असेल तर तेल थांबवा. कोंड्याशी संबंधित यीस्ट तेलावरच जगतं. किटोकोनॅझोलचा शाम्पू औषधाच्या दुकानात मिळतो, लावून तीन-चार मिनिटं ठेवायचा असतो. त्यानेही गेला नाही, किंवा गोल चट्ट्यांत केस जायला लागले, तर माझ्यासारख्याकडे येऊ नका. तुमच्याकडे घाटीत, म्हणजे सरकारी रुग्णालयात, त्वचारोगाची ओपीडी आहे, तिथे दाखवा.

हेल्मेट तर तुम्ही घालतच असाल. केस पूर्ण वाळल्याशिवाय घालू नका, नाहीतर चपटे वाळतील आणि मग दिवसभर तसेच. आत पातळ सुती दस्ती बांधा, घाम ती शोषते. लग्नात फेट्याचंही असंच होणार. फेटा उतरवल्यावर हात ओले करून केसांतून फिरवा, चार वेळा मुठीत दाबा, पाच-दहा मिनिटांत लाट उठते.

राहता राहिला कट. तो लग्नाच्या आठ-दहा दिवस आधी करून घ्या, म्हणजे टोकं जरा मुरतात. न्हाव्याला फोटो दाखवा, पण तो वेव्ही केस असलेल्या माणसाचाच असू द्या. सरळ केसांच्या नटाचा फोटो आणला की दोघांचीही निराशा होते. बाजूला मशीन चालेल. दोन नंबर म्हणजे साधारण सहा मिलिमीटर, तीन नंबर म्हणजे साधारण दहा. खालून तीनवर सुरुवात करायला सांगा, कमी करणं नेहमी हातात असतं. वरचे केस मात्र कात्रीनेच, आणि जवळजवळ कोरडे असताना. ओला लाटदार केस ताणून लांब दिसतो, वाळला की वर चढतो, आणि ‘अर्धा इंच’ सांगितलेलं एक इंच निघतं. वस्तऱ्याने टोकं तासू देऊ नका, थिनिंगची कात्रीही जपून. तिने मधले केस आखूड होतात आणि तेच पुढे उभे राहतात. भोवऱ्यापाशी बोटभर जास्त ठेवायला सांगा, तिथला केस स्वतःच्या वजनाने खाली बसला पाहिजे. दोन भोवरे असतील तर आधीच सांगून ठेवा. दर पाच-सहा आठवड्यांनी बाजू मारून घ्या. वरचे केस पहिले दोन वेळा फक्त टोकांना. तिसऱ्या वेळेपर्यंत लाट कुठून वळते हे न्हाव्यालाही दिसलेलं असेल, मग कट हवा तसा बसवता येतो.