“रगतमा विळा शे, तो आतमा कापस का?”

“ताई, रगतमा विळा शे म्हनतस. तो आतमा कापस का?”

खुर्चीच्या अगदी कडेला बसून एका आईने मला हे विचारलं : रक्तात विळा आहे म्हणतात, तो आतून कापतो का? पदराच्या गाठीत चार घड्या घातलेली, मुलीच्या सिकलसेल तपासणीची चिठ्ठी होती, शेजारी मुलगी मान खाली घालून बसलेली. साक्री तालुक्याच्या पश्चिमेकडचं, डोंगराच्या पायथ्याचं कुटुंब. मुलगी २१ वर्षांची. चिठ्ठीवर फक्त दोन शब्द होते : सोल्युबिलिटी पॉझिटिव्ह. सुपारी फुटली होती आणि ही चिठ्ठी आल्यापासून सोयऱ्यांकडून फोन बंद झाला होता.

(तिला विचारून लिहिते आहे. नाव, गाव आणि ओळख पटेल अशा दोन-चार गोष्टी गाळल्या आहेत.)

धुळे-नंदुरबारच्या आदिवासी पट्ट्यात सिकलसेलचं, म्हणजे आईबापांकडून येणाऱ्या रक्ताच्या आजाराचं, समुपदेशन करताना हा प्रश्न वेगवेगळ्या शब्दांत सतत येतो. पॉझिटिव्ह आलं म्हणजे पोरगी आजारी का? तिचं लग्न होईल का? पण आईने विचारलेला प्रश्न त्याही आधीचा होता. तो टाळून पुढे गेलं असतं तर माझं बाकीचं काहीच तिच्या डोक्यात शिरलं नसतं.

मी म्हटलं, “माय, कापत नाही. तुंबवतो.”

निरोगी लाल पेशी पेढ्यासारखी असते, दोन्ही बाजूंनी अंगठ्याने दाबलेल्या पेढ्यासारखी. मऊ असते, बारीक रक्तवाहिनीतून वाकून, दबून निघून जाते. सिकलसेलच्या रुग्णाच्या पेशीतलं हिमोग्लोबिन ऑक्सिजन सोडला की एकमेकांना चिकटून लांब काड्या बनवतं. त्या काड्यांनी पेशी आतून ताणली जाते, ताठ होते, विळ्यासारखी वाकते. सुरुवातीला ऑक्सिजन मिळाला की ती परत गोल होते, पण असं पुन्हा पुन्हा झालं की वाकलेली ती वाकलेलीच राहते. शेताच्या चारीत पऱ्हाट्या आडव्या पडल्या की पाणी कसं अडतं, तसं रक्त अडतं. जिथे अडतं तिथे दुखतं, सांध्यात, पाठीत, छातीत. शिवाय निरोगी पेशी साधारण १२० दिवस जगते, ही वाकलेली जेमतेम १० ते २० दिवस. म्हणून रक्त कमी पडतं, डोळे पिवळे दिसतात. १९१० साली शिकागोच्या जेम्स हेरिक नावाच्या डॉक्टरने एका तरुण रुग्णाच्या रक्तात या पेशी पाहून त्यांना विळ्याची उपमा दिली, तेच नाव चिकटलं. शेतकऱ्याच्या घरात मात्र विळा म्हटलं की धारच आठवते, यात त्या आईची काय चूक?

“पण हे रुग्णाचं झालं,” मी म्हटलं. “तुमची मुलगी रुग्ण आहे असं ही चिठ्ठी सांगतच नाही.”

१ जुलै २०२३ ला मध्य प्रदेशातल्या शहडोलहून सिकलसेलची राष्ट्रीय मोहीम सुरू झाल्यापासून ४० वर्षांपर्यंतच्या लोकांची तपासणी गावोगाव चालू आहे, आणि ती व्हायलाच हवी. सोल्युबिलिटी ही त्यातली चाळणी. नळीत रक्ताचा थेंब टाकतात, मागे रेघा मारलेला कागद धरतात. द्रव गढूळ होऊन रेघा दिसेनाशा झाल्या तर पॉझिटिव्ह. पण द्रव रुग्णाच्या रक्तानेही गढूळ होतो आणि वाहकाच्या, म्हणजे आईबापांपैकी एकाकडूनच हा गुण आलेल्या माणसाच्या, रक्तानेही. दोघांतला फरक कळायला एचपीएलसी किंवा इलेक्ट्रोफोरेसिस लागतं, म्हणजे हिमोग्लोबिनचे प्रकार वेगळे करून दाखवणारी तपासणी. ही दुसरी तपासणी होईपर्यंत त्या चिठ्ठीवर कोणाचं लग्न मोडू नये, एवढं मी प्रत्येक शिबिरात घसा कोरडा होईस्तोवर सांगते.

तिची एचपीएलसी झाली. एस, म्हणजे सिकलचं हिमोग्लोबिन, २८ टक्के, बाकीचं बहुतेक नेहमीचं, ए हिमोग्लोबिन. म्हणजे एएस, वाहक. वाहकाच्या पेशीत निरोगी हिमोग्लोबिन जास्त असतं, त्यामुळे रोजच्या जगण्यात त्या पेशी वाकत नाहीत. वाहकाचा पुढे रुग्ण होत नाही, वय वाढलं तरी नाही. लघवीतून रक्त गेलं तर लगेच दाखवायचं, उन्हातान्हात खूप कष्ट करताना पाणी सोडायचं नाही, ऑपरेशनची वेळ आली तर भूल देणाऱ्या डॉक्टरांना सांगायचं. बास.

आईचा चेहरा सैल झाला. मुलीचा नाही. ती पहिल्यांदा बोलली, “मग ताई, मला हापशापासून घरापर्यंत दम का लागतो?”

तिने विचारलं म्हणून पुढचं सगळं उलगडलं. तिचं हिमोग्लोबिन होतं ७.९. वर्षभरापूर्वी तिला लोहाच्या गोळ्या सुरू झाल्या होत्या. शिबिराची चिठ्ठी पाहून कुणीतरी सांगितलं, सिकलवाल्यांनी लोखंडाची गोळी खायची नसते, आणि तिने त्या बंद केल्या. हे अर्धंच खरं आहे. रुग्णाच्या पेशी लवकर फुटतात, त्यातलं लोह शरीरातच राहतं. वरून वारंवार रक्त चढवलं असेल तर आणखी साठतं, आणि जास्तीचं लोह बाहेर टाकायची सोय शरीरात नाही. म्हणून रुग्णाला तपासल्याशिवाय लोह देत नाहीत. ही तर वाहक. वाहक असल्यामुळे हिमोग्लोबिन ७.९ वर येत नाही. आलं असेल तर कारण दुसरं शोधायला हवं.

आमच्या प्रयोगशाळेतल्या दादांनी तिच्या रक्ताची काच रंगवली आणि मी विनंती केली म्हणून तिला सूक्ष्मदर्शकाजवळ उभं केलं. तिने एक डोळा मिटला, दुसरा लावला. बराच वेळ काही बोलली नाही.

“बांगड्या दिसतात,” ती म्हणाली.

बरोबर होतं. लोह कमी पडलं की पेशी लहान आणि फिकट होते. मधला पांढरा भाग इतका पसरतो की कडेला फक्त गुलाबी कंगोरा उरतो, काचेच्या बांगडीसारखा. मध्ये मध्ये काही लांबट, पेन्सिलीसारख्या पेशी होत्या. दोन-चार ठिकाणी नेमबाजीच्या फळीसारख्या, मध्ये ठिपका असलेल्या. “आणि विळा?” तिने विचारलं. दादांनी काच इकडेतिकडे सरकवली. विळा एकही नव्हता. वाहकाच्या काचेवर तो सहसा दिसतच नाही.

रिपोर्टवर पेन्सिल सेल, टार्गेट सेल असं काही वाचून घाबरलेले लोक माझ्याकडे येतात. पेशीचा आकार ही खूण असते, आजाराचं नाव नसतं. टार्गेट पेशी लोहाच्या कमतरतेत दिसतात, थॅलेसेमियात, म्हणजे हिमोग्लोबिन कमी बनण्याच्या आनुवंशिक आजारात दिसतात, यकृताच्या दुखण्यातही दिसतात. डॉक्टरांनी फेरिटिन, म्हणजे शरीरातला लोहाचा साठा, तपासलं, ते खूपच कमी निघालं. पाळीत रक्त जास्त जायचं, हे तिने आईसमोर सांगितलं नव्हतं. बाहेर व्हरांड्यात मला सांगितलं. गोळ्या पुन्हा सुरू झाल्या, जंताची गोळी दिली, पाळीसाठी वेगळा उपचार झाला. गोळीवर चहा घ्यायचा नाही, लिंबूपाणी घ्यायचं, हे मी तिच्याकडून तीनदा म्हणवून घेतलं. आपल्याकडे पाहुणा आला की चहा, कामावरून आलं की चहा. गोळी पोटात जाते आणि चहामुळे अंगी लागत नाही. तीन महिन्यांनी हिमोग्लोबिन ११.४ झालं आणि डोंगरावरच्या मावशीकडे पायी जाऊन आल्याचं तिने हसत सांगितलं.

लग्नाचं मात्र अडूनच होतं. मी निरोप पाठवला, मुलाला घेऊन या. नवापूरकडचा मुलगा, मोटार रिवाइंडिंग करणारा, २४ वर्षांचा. आला, पण फणकाऱ्यात. “मी पन्नास किलोची गोणी उचलतो, मला काय धाड भरली आहे? पॉझिटिव्ह ती आहे.”

या वाक्याचा मला मनापासून राग येतो. मुलीचं रक्त तपासायचं, मुलाचं नाही, ही कुठली रीत? वाहकाला काही होत नाही, मग गोणी उचलता येते हा पुरावा कसा? बाळाला एक गुण आईकडून येतो, एक बापाकडून. आईबाप दोघांचं कळल्याशिवाय काहीच कळत नाही. आणि मुलाची नुसती सोल्युबिलिटी करूनही भागत नाही, कारण तो थॅलेसेमियाचा वाहक असला तर सोल्युबिलिटी निगेटिव्ह येते, तरी दोघांच्या बाळाला त्रास होऊ शकतो. म्हणून त्याचीही एचपीएलसीच करायची.

त्याची आली. एएस.

पुढच्या भेटीला त्याची आईही होती. माझ्या खणात दोन वाट्या आणि चार बटणं असतात, सगळी एकाच मापाची. प्रत्येक वाटीत एक पांढरं, एक लाल. मी तिला डोळे मिटून दोन्ही वाट्यांतून एकेक काढायला सांगितलं. पांढरं-पांढरं. “हे निरोगी बाळ.” बटणं परत वाटीत. दुसऱ्यांदा लाल-पांढरं. “हे तुमच्या मुलासारखं, वाहक.” परत वाटीत. तिसऱ्यांदा लाल-लाल. तिने डोळे उघडले आणि बटणं तळहातावर तशीच धरून राहिली. “हे रुग्ण,” मी म्हटलं. “प्रत्येक बाळाच्या वेळी चारात एक शक्यता. आणि बटणं दर वेळी वाटीत परत जातात. पहिलं बाळ रुग्ण झालं म्हणून पुढची तीन सुटली, असं होत नाही. पहिलं चांगलं झालं म्हणून दुसऱ्याची काळजी मिटली, असंही नाही.”

लग्न करा किंवा करू नका, हे मी सांगत नाही. लग्न न करणं हा एक रस्ता आहे. लग्न करून गरोदरपणात १० ते १२ आठवड्यांच्या सुमारास वारेचा बारीक नमुना घेऊन बाळाची तपासणी करणं हा दुसरा. बाळ रुग्ण निघालं आणि त्यांनी ते ठेवलं, तर जन्मापासून लसी, पेनिसिलिन, फॉलिक अ‍ॅसिड आणि डॉक्टर सांगतील तेव्हा दुखण्याचे झटके कमी करणारं हायड्रॉक्सियुरिया. नीट उपचारात वाढलेली मुलं शाळेत जातात, नोकरी करतात, अशी माझ्या ओळखीची आहेत. दुखण्याच्या झटक्याने रात्री अडीचला गाडी शोधणारे आईबापही माझ्या ओळखीचे आहेत. दोन्ही सांगितलं.

मुलाने शेवटी एकच विचारलं, “तपासणीला दोघांनी जायचं का?” मी हो म्हटलं.

लग्न झालं. यंदा आखाजीला, अक्षय्य तृतीयेला, ती माहेरी आली, झोका खेळायच्या आधी माझ्याकडे आली. पाळी चुकून सात आठवडे झाले होते. हातात कापडी पिशवी, तिच्यात दोघांचे एचपीएलसीचे कागद प्लॅस्टिकमध्ये घालून ठेवलेले. मी भिंतीवरच्या दिनदर्शिकेवर आठवडे मोजले, पाठवणीचा कागद लिहायला घेतला. तोवर बाहेर मोटारसायकल थांबली. तो नवापूरहून सुट्टी काढून आला होता, तारीख लिहून घ्यायला.