बाहेर शांत असणारा मुलगा घरी आईवर हात का उचलतो?

“शाळेत तो कुणाला उलटून बोलत नाही, शेजारी दिसले की वाकून नमस्कार करतो, आणि घरी मात्र माझ्यावरच हात उचलतो. माझे काय चुकले?” जपानमध्ये समुपदेशक म्हणून काम करताना हा प्रश्न मी इतक्या आयांकडून ऐकला आहे की आता निम्मे वाक्य कानावर पडताच पुढचे कळते. अलीकडे टोक्योच्या निशी-कासाई भागातल्या मराठी आया तोच प्रश्न विचारतात आणि व्हिडिओ कॉलवर पुण्या-ठाण्याचे पालकही विचारतात. प्रत्येकीची समजूत अशी की असे फक्त आपल्याच घरात घडते. म्हणून एकदा सविस्तर लिहावे असे ठरवले.

कौटुंबिक हिंसा म्हटले की मराठी वाचकाच्या डोळ्यांपुढे नवरा आणि सासर उभे राहते. जपानमध्ये 1970 आणि 1980 च्या दशकांत ज्या कौटुंबिक हिंसेची जाहीर चर्चा झाली, ती मुख्यतः मुलांनी आईवडिलांवर केलेली होती. 1977 मध्ये टोक्योत एका नामांकित शाळेतल्या मुलाच्या मारहाणीने हतबल झालेल्या वडिलांनी त्याचाच जीव घेतला. 1980 मध्ये कावासाकी शहरात, विद्यापीठाच्या प्रवेशपरीक्षेत वारंवार अपयश आलेल्या वीस वर्षांच्या मुलाने बेसबॉलच्या धातूच्या बॅटने आईवडिलांना ठार केले. नवऱ्याने बायकोला मारणे तेव्हाही होतेच, पण तो नवरा-बायकोचा खासगी मामला समजला जाई आणि त्यावरचा स्वतंत्र कायदा यायला 2001 साल उजाडले. 2019 मध्ये टोक्योच्या नेरिमा भागात कृषी मंत्रालयाच्या एका माजी वरिष्ठ सचिवाने आपल्या 44 वर्षांच्या मुलाला ठार केले. सरकारी दारे ज्यांना कधी परकी नव्हती, त्यांच्याही घरातली गोष्ट तिथवर गेली. ही टोकाची उदाहरणे आहेत, हे मला ठाऊक आहे. पण जपानी आयांच्या मनात हीच घर करून बसलेली असतात आणि पहिल्या भेटीत कुणी तरी ती हमखास काढते आणि मला ‘सेन्सेई’, म्हणजे ‘बाई’, अशी हाक मारून विचारते: “सेन्सेई, आमच्याकडेही तसेच होईल का?”

आता एका आईची हकीकत सांगते. ओळख पटू नये म्हणून तिच्यात अनेक घरांचे तपशील मिसळले आहेत आणि बऱ्याच भेटींतले बोलणे थोडक्यात आणले आहे.

त्या योकोहामाच्या एका उपनगरातून येत असत. वय पन्नाशीच्या आतबाहेर, बोलणे अत्यंत मृदू, उन्हाळ्यातही मनगटापर्यंत बाह्या. मुलगा सोळा वर्षांचा होता. बाराव्या वर्षी, खासगी शिकवणीत रात्री उशिरापर्यंत बसून, त्याने एका चांगल्या खासगी शाळेची प्रवेशपरीक्षा पार केली; चौदाव्या वर्षी त्याने शाळेत जाणे थांबवले. वडिलांची बदली फुकुओकाला झालेली होती आणि जपानी कंपन्यांच्या रीतीप्रमाणे ते तिथे एकटेच राहत. घरात उरले दोघे. मुलगा रात्री दोन वाजता आईला उठवून समोर बसवी आणि “मला त्या शाळेत तूच घातलेस” असे म्हणत पहाटेपर्यंत जुना हिशेब मांडत राही. त्या गप्प राहिल्या तर “उत्तर दे” म्हणून मारी. बोलल्या तर “उलट बोलतेस” म्हणून मारी. मग जमिनीला कपाळ टेकवून माफी मागायला लावी. सकाळी तोच मुलगा विचारी, “हात दुखतो का?”

“मी महिलांच्या मदत केंद्राचे माहितीपत्रक वाचले,” त्या म्हणाल्या, “पण ते नवऱ्याचा मार खाणाऱ्यांसाठी आहे.”

वाचले ते बरोबरच होते. 2001 चा जपानी कायदा पती-पत्नींसाठी आहे आणि 2014 पासून एका घरात जोडप्याप्रमाणे राहणाऱ्यांनाही लागू आहे. 2000 चा कायदा मुलांच्या छळाविरुद्ध आहे. 2006 पासून अमलात आलेला कायदा 65 वर्षांवरील ज्येष्ठांसाठी आहे. पन्नाशीतली आई आणि सोळा वर्षांचा मुलगा या तिन्हींच्या मधल्या फटीत पडतात. पोलिसांच्या नोंदींत अल्पवयीन मुलांनी घरात केलेल्या हिंसेची प्रकरणे अलीकडे वर्षाला चार हजारांच्या वर गेली आहेत आणि त्यांतल्या निम्म्याहून अधिक प्रकरणांत मार खाणारी आई असते. नोंद होते ती अर्थातच ज्या घरांतून फोन गेला त्यांचीच.

पहिले काही आठवडे त्यांना एकच गोष्ट जाणून घ्यायची होती: तो असे का करतो. कारणे शोधण्यात त्या तरबेज झाल्या होत्या. परीक्षा, वडिलांची अनुपस्थिती, लहानपणी आपण केलेली घाई, अशी एक वहीच त्यांनी भरली होती आणि ती वाचून दाखवताना त्यांचा आवाज अधिकाधिक बारीक होत जाई. मी कुटुंबाकडे एक घडण म्हणून पाहणाऱ्या परंपरेत शिकले. एका माणसाच्या मनात खोल उतरण्यापेक्षा माणसामाणसांमध्ये काय घडते ते पाहावे, असे माझे मत आहे, आणि वयाबरोबर ते पक्केच होत गेले आहे. म्हणून एके दिवशी मी ती वही बाजूला ठेवायला सांगितली.

“मारून झाल्यावर पहिल्या अर्ध्या तासात घरात काय काय होते, ते मला सांगा.”

“काही होत नाही. तो आपल्या खोलीत जातो.”

“आणि तुम्ही?”

“मी आवरते.”

“काय आवरता?”

इथून पुढे त्या बराच वेळ बोलल्या आणि माझ्या मते आमचे खरे काम त्या दिवशी सुरू झाले. जपानमध्ये कचरा प्रकारांप्रमाणे वेगळा करून, आतले दिसेल अशा पिशवीत, नेमून दिलेल्या वारी गल्लीतल्या ठरावीक जागी ठेवावा लागतो आणि कुणाच्या पिशवीत काय आहे हे शेजाऱ्यांना सहज दिसते. या बाई फुटलेल्या बशा वर्तमानपत्रात गुंडाळत. एकाच वेळी जास्त फुटकी भांडी दिसली तर कुणी विचारील, म्हणून त्या ती कपाटात साठवून प्रत्येक वेळी दोन-तीनच बाहेर नेत. भिंतीला पडलेल्या भोकावर त्यांनी बँकेचे कॅलेंडर लावले होते. कॅलेंडर मुळात जिथे होते ती जागा रिकामी दिसू नये म्हणून तिथे दुसरे आणले होते. खालच्या मजल्यावरच्या आजींना आवाज गेला असेल अशी शंका आली, तेव्हा त्या मिठाईचा डबा घेऊन गेल्या आणि “घरात डागडुजी चालू आहे, क्षमा असावी” असे सांगून आल्या. नवऱ्याचा रात्री फोन आला की “आज जरा चिडचिड करत होता” एवढेच सांगत.

मी विचारले, “हे सगळे पूर्णपणे कुणाला माहीत आहे?”

त्यांनी खरोखरच मनात मोजून पाहिले. “मुलाला आणि मला.” थोडे थांबून म्हणाल्या, “आणि आता तुम्हाला.”

“म्हणजे जगात तुमच्या मुलाखेरीज हे जाणणारे दुसरे कुणीच नव्हते.”

त्या रडल्या नाहीत. त्यांनी पर्समधून छोटी डायरी काढली आणि त्या महिन्यात कचरा नेण्याचे कोणते वार उरले आहेत ते पाहू लागल्या. मग त्यांनी स्वतःहूनच डायरी मिटली. “सेन्सेई, मी इतकी मेहनत घेते ती त्याला वाचवण्यासाठी, असे मला वाटत होते. पण त्याला तर कुणीच थांबवायला येऊ शकत नाही. येण्याचे सगळे रस्ते मीच बंद केले आहेत.”

हे वाक्य मी त्यांच्या तोंडी घातलेले नव्हते, याचे मला आजही समाधान आहे. मी एवढेच जोडले की रस्ते बंद करणाऱ्याचा दोष आणि मारणाऱ्याचा दोष एका तराजूत घालायचा नाही. मार खाणारी व्यक्ती जे काही करते ते तग धरण्यासाठी करते. मात्र त्या खोलीत दोनच माणसे राहिली, तर आईच एकाच वेळी आधार, न्यायाधीश, आरोपी आणि मार खाण्याची जागा होते. बाहेर तो शांत असतो, कारण बाहेर पाहणारे डोळे असतात. आपण काय करतो आहोत याचे भान या मुलांना पुष्कळ असते, आणि मारून झाल्यावर स्वतःचा तिटकाराही येतो. तोच तिटकारा दुसऱ्या रात्री पुन्हा आईवर उतरतो.

इस्रायलमधील मानसशास्त्रज्ञ हाइम ओमर यांनी अशा पालकांसाठी जी कार्यपद्धती घडवली, तिची प्रेरणा गांधीजींच्या अहिंसक प्रतिकारात आहे. मराठी माणसाने ती तेल अवीवहून योकोहामाला न्यावी यात मला थोडी गंमत वाटते, आणि थोडा अभिमानही. तिच्यात मुलाला शिक्षा नाही आणि शरणागतीही नाही. आई मारत नाही, ओरडत नाही आणि लपवतही नाही.

आम्ही तिघांना सांगायचे ठरवले: नवऱ्याला, शिझुओकाला राहणाऱ्या थोरल्या बहिणीला आणि खालच्या आजींना. सर्वांत अवघड गेले ते नवऱ्याला सांगणे, आणि सर्वांत सोपे आजींना. त्या म्हणाल्या, “मला ठाऊक होते, पण विचारणे बरे दिसले नसते.” मग एका शांत सकाळी आईने मुलाला उभ्यानेच, चार वाक्यांत सांगितले: यापुढे मी मार सहन करणार नाही, तू हात उचललास की मी घराबाहेर जाईन, मी परत येईन, कारण तू माझा मुलगा आहेस, कुणाला इजा होण्याची वेळ आली तर मी पोलिसांना 110 वर फोन करीन. तो म्हणाला, “हे त्या समुपदेशकबाईंनी शिकवले ना?” त्या “हो” म्हणाल्या.

पाचव्या दिवशी त्याने हात उचलला. त्या पर्स घेऊन बाहेर पडल्या, रात्र बहिणीकडे काढली आणि तिथून त्याला फोन केला: “मी मावशीकडे आहे. उद्या संध्याकाळी येते.” हा फोन मी फार महत्त्वाचा मानते. तो न करता निघून जाणारी आई मुलाला सोडून गेली असे ठरते, आणि तासाभरात घाबरून परतणारी आई हरली असे ठरते. पुढच्या महिन्यात एकदा पोलिसही आले. गणवेशातल्या दोघांनी दारातच त्याच्याशी पंधरा मिनिटे अतिशय सभ्यपणे बातचीत केली आणि ते गेले. वडील महिन्यातून दोनदा शुक्रवारी घरी येऊ लागले आणि पहिल्याच खेपेला त्यांनी भिंतीवरचे कॅलेंडर काढले. मारहाण हळूहळू कमी होत थांबली. मुलगा माझ्याकडे कधीच आला नाही. तो त्या शाळेतही परतला नाही. नंतर त्याने पत्रद्वारे शिकवणाऱ्या उच्च माध्यमिक शाळेत नाव घातले. आईशी तो अजूनही फारसे बोलत नाही.

मराठी पालकांना हे सांगितले की काही जण म्हणतात, “जपानी लोक मनातले बोलत नाहीत म्हणून असे होते, आपल्याकडे नाही.” माझा अनुभव वेगळा आहे. हिंसा दोन्हीकडे आहे. संस्कृतीचा फरक दिसतो तो ती कुणाच्या वाट्याला येते आणि कशी झाकली जाते यात. योकोहामाच्या त्या घरातले कुणालाच माहीत नव्हते, निदान तसे दाखवले जात होते. पुण्यातल्या घरात मुलगा आईला मारतो हे कामवाल्या बाईंना माहीत असते, वरच्या मजल्यावर माहीत असते, मामाला आणि आत्यालाही माहीत असते. सगळे जण आईला “वय आहे त्याचे, सांभाळून घे” असे सांगतात आणि मुलाला कुणी काहीच बोलत नाही. तिथे गुपित फोडण्याचा सल्ला निरुपयोगी आहे, कारण गुपित नसतेच. तिथे मी घरातला, शक्यतो मुलाला ज्याच्याबद्दल आदर आहे असा, एक माणूस शोधायला सांगते, ज्याने मुलाला न रागावता समोरासमोर म्हणायचे असते: “काल काय झाले ते मला माहीत आहे. मी तुझ्या बाजूचा आहे, पण मारणे मला मान्य नाही.” हे वाक्य बोलायला तयार होणारा मामा मिळवण्यातच कधी कधी दोन महिने जातात.

कायदा मात्र भारतातल्या आईच्या बाबतीत अधिक व्यापक आहे. 2005 चा कौटुंबिक हिंसाचारविरोधी कायदा पत्नीपुरता नाही. एका घरात राहणारी आई किंवा बहीणही त्याखाली प्रौढ मुलाविरुद्ध वा भावाविरुद्ध संरक्षण मागू शकते. पालकांसाठी आणि साठीच्या पुढच्या ज्येष्ठांसाठी 2007 चा कायदाही आहे. हे ऐकून बहुतेक आया चकित होतात.

एक सावधगिरी मी सर्वांना बजावते. वर सांगितलेली रीत मुलांसाठी आहे, मारणाऱ्या नवऱ्यासाठी नाही. “तू मारलेस तर मी जाईन” असे हिंसक नवऱ्याला आधी जाहीर करणे धोक्याचे असते, कारण बायको सोडून जाणार हे कळल्यानंतरचा काळच बहुधा सर्वांत जोखमीचा ठरतो. तिथे कागदपत्रे, पैसे, मुले आणि जाण्याचे ठिकाण यांची तयारी गुपचूप करावी आणि जाण्यापूर्वी मदत केंद्राशी बोलावे. जपानमध्ये त्यासाठी #8008 हा क्रमांक आहे, भारतात 181. नवऱ्याच्या व्हिसावर जपानमध्ये राहणाऱ्या मराठी स्त्रियांनी “आपण परदेशी, आपल्याला कोण विचारणार” असे समजू नये. तिथला कायदा पीडितेचे नागरिकत्व पाहत नाही.

राहिला तो प्रश्न, जो आया बहुधा निघताना, दारात उभ्या राहून विचारतात: पोलिसांचे नाव काढले तर मुलाचे आयुष्य बिघडेल का? जपानमध्ये तातडीचा धोका नसेल तर #9110 वर पोलिसांशी नुसता सल्ला करता येतो आणि त्याने मुलावर गुन्हा दाखल होत नाही. वीस वर्षांखालच्या मुलाचे प्रकरण पुढे गेलेच, तर ते आधी कौटुंबिक न्यायालयात जाते. भारतात अठरा वर्षांखालील मुलाचे प्रकरण बाल न्याय मंडळापुढे येते. चाकू, आग किंवा गळा दाबणे यांपैकी काहीही घडले असेल, तर सल्ल्यासाठी थांबू नये. जपानमध्ये 110 आणि भारतात 112 वर लगेच फोन करावा.