सतराव्या वर्षीची केस अठरा पूर्ण झाल्यावर आपोआप पुसली जाते का?

तुम्ही लिहिलंय की १७व्या वर्षी मारामारीत नाव आलं, बाल न्याय मंडळाने समज देऊन सोडलं, आणि आता पोलीस भरतीच्या पडताळणीत ते निघेल अशी धास्ती आहे.

वाढदिवसाने काहीच पुसलं जात नाही. मी मंडळापुढे वकिली करते. ‘अठरा झाली, सुटलो’ म्हणणारे आईबाप मला नेहमी भेटतात. कायदा मात्र तुमच्या बाजूने आहे. बाल न्याय अधिनियम, २०१५ च्या कलम २४ नुसार दोष सिद्ध झाला तरी त्यावरून तुम्ही अपात्र ठरत नाही आणि नोंदी नष्ट करायचा आदेश मंडळाने पोलिसांना द्यायचा असतो. २०१६ च्या आदर्श नियमांत या नोंदी अपिलाची मुदत संपेपर्यंत किंवा सात वर्षं ठेवता येतात, त्यापुढे नाही. अपवाद एकच: सोळा ते अठरा वयात निर्घृण गुन्हा (म्हणजे किमान सात वर्षं शिक्षेचा) आणि बालन्यायालयाने सज्ञान म्हणून चालवलेला खटला. तुमचं प्रकरण त्यात बसत नाही.

अडतं ते पोलीस ठाण्यात. माझ्या एका अशिलाच्या चारित्र्य दाखल्यावर सरळ ‘गुन्हा दाखल’ असं टाइप करून दिलं होतं. कलम ७४ प्रमाणे निकाली निघालेल्या प्रकरणाची नोंद चारित्र्य दाखल्यासाठी उघड करायला पोलिसांना मनाईच आहे. कलमाची प्रत टेबलावर ठेवल्यावर दाखला बदलून मिळाला, पण तोवर त्या पोराने आठवडाभर धड जेवण केलं नव्हतं.

म्हणून दाखल्याची वाट बघू नका. मंडळाच्या निकालाची प्रमाणित प्रत आणि जन्मतारखेचा पुरावा जोडून नोंदी नष्ट करण्यासाठी मंडळाकडे अर्ज द्या. रजिस्टरबरोबर संगणकातली नोंदही अर्जात आवर्जून लिहा, ती हमखास राहून जाते. मंडळाचा आदेश ठाण्यात देऊन पोच घ्या.

फॉर्ममध्ये ‘कधी गुन्हा दाखल झाला होता का’ असा रकाना असतो. त्यात मी अशिलांना खरं लिहून मंडळाचा आदेश जोडायला सांगते. माहिती लपवल्याचा ठपका मूळ केसपेक्षा जड जातो. सीआयएसएफच्या (केंद्रीय औद्योगिक सुरक्षा दलाच्या) एका उमेदवाराला अल्पवयातल्या केसवरून डावललं होतं. २०१९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्याच्या बाजूने निकाल दिला. तुम्हाला कुणी अडवलं तर त्याच निकालाचा आधार घ्या.

वकील परवडत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात जा. उत्पन्नाच्या मर्यादेत बसत असाल तर वकील मोफत मिळतो.