क्लिप लावण्याआधी एवढं बघ

लॅपटॉपची बायोस चिप (लॅपटॉप सुरू करणारा प्रोग्रॅम जिच्यात असतो ती) वाचायला-लिहायला सीएच३४१ए हा यूएसबी प्रोग्रॅमर आणि चिपच्या पिनांना चिमट्यासारखी धरणारी क्लिप घेतलीस, छान. पण लगेच लॅपटॉपला लावू नकोस. काळ्या बोर्डाच्या बऱ्याच प्रतींत चिपला पुरवठा ३.३ व्होल्टचा असतो, पण डेटाच्या पिनांवर ५ व्होल्ट येतात. मल्टिमीटर लावून आधी खात्री कर. चिपवरचा नंबरही भिंगातून नीट वाच. डब्ल्यू२५क्यू६४एफव्ही ३.३ व्होल्टची, तर डब्ल्यू२५क्यू६४एफडब्ल्यू १.८ ची. फरक एका अक्षराचा, पण दुसरीला १.८ व्होल्टचा अडॅप्टर लागतोच.

चार्जर काढ, बॅटरीचा कनेक्टर सोडव, बटण सेलही काढ. क्लिपची लाल वायर चिपवरच्या ठिपक्याकडे, म्हणजे पिन १ ला.

आता लिहायची घाई नको. आधी चिप दोनदा वाचून दोन फाइली कर आणि त्या ताडून बघ. ६४ मेगाबिट म्हणजे फाइल बरोबर ८३,८८,६०८ बाइटची हवी. उघडल्यावर सगळीकडे एफएफच (म्हणजे रिकाम्या बाइटची खूण) दिसलं, तर बहुतेक क्लिप नीट बसलेली नाही. (माझी पहिली संध्याकाळ यातच गेली, पिनांवर फ्लक्सचा, म्हणजे सोल्डरिंगच्या चिकट द्रव्याचा थर होता. आयपीएने (आयसोप्रोपिल अल्कोहोलने) पुसल्यावर पहिल्याच झटक्यात वाचली.)

कंपनीच्या साइटवरची बायोस फाइल तशीच टाकू नकोस. तिच्यात बरेचदा अपडेटचं वेष्टन असतं, आकार जुळत नाही. शिवाय सीरियल नंबर, विंडोजची की हे सगळं मूळ चिपमध्येच असतं. म्हणून चिपमधून वाचलेली ती पहिली फाइल, खराब असली तरी, पेनड्राइव्हवर वेगळी ठेव. लिहून झालं की व्हेरिफाय कर (चिपमधलं फाइलशी जुळतं का ते बघ), मगच क्लिप काढ.